नागपूर साउंड 2

प्रॉडक्शनच्या पोट्ट्याचा फोन सापडत नव्हता. "ताई, एक रिंग द्या नं." दिली. फोन माझ्याच बॅगेखाली वाजत होता आणि स्क्रीनवर माझं नाव नव्हतं. 'नागपूर साउंड 2' असं होतं.

बस, एवढंच झालं. पण दुपारपासून डोक्यातून जात नाहीये. नाव नाही याचं लागलं की त्या 2 चं, तेही ठरेना. आणि 1 कोण आहे?

बरं, साउंडच काहून? याच लोकांची सबटायटल्स मी केली, रफ कट मी लावला. वडसाला झाडीपट्टीच्या नाटकांचं शूट होतं तेव्हा रात्र रात्र जागून नटांच्या मुलाखतीही मीच घेतल्या. तेव्हाचं मानधन अजून... जाऊ दे.

आईचं ठरलेलं असतं, "राजकुमार हिरानीही नागपूरचाच नं!" आहेतच. पण तेही आधी एडिटरच होते. 'मिशन काश्मीर' 2000 साली त्यांनीच एडिट केला, फेविकॉलच्या जाहिरातीत 'जोर लगा के' म्हणत स्वतः दिसले, आणि 2003 मध्ये 'मुन्नाभाई' आला. आता आधीचं सगळं तयारी म्हणून मोजलं जातं. तोवर घरचे काय म्हणत असतील, कोणास ठाऊक. माझ्या बाबतीत मावशी अजून विचारते, "तू नक्की करून काय राहिली?"

काय करून राहिली ते आज तिनं पाहायला हवं होतं. महालातलं जुनं घर, मे महिना, सिंक साउंड, म्हणजे आवाज शूटिंगच्या वेळीच रेकॉर्ड करायचा. टेक सुरू व्हायच्या आधी घरातला कूलर बंद, शेजारचा बंद, समोरच्या काकूंचाही बंद. काकू म्हणाल्या, "बाई, आमचा म्हातारा मरंन नं!" त्यांना पाच-पाच मिनिटांच्या हप्त्यांवर राजी केलं. सीन संपल्यावर सगळ्यांना तसंच घामात अर्धा मिनिट गप्प उभं करून रूम टोन, म्हणजे कोणी बोलत नसतानाचा खोलीचा आवाज, घेतला. दिग्दर्शक वैतागला. पण एडिटला मीच बसते, त्यामुळे दोन वाक्यांमधली पोकळी भरायला तिथं काय लागतं हे मला माहीत असतं. चॅनेलला सेकंदाला 25 फ्रेम लागतात आणि यांनी शूट केलंय 24 वर, हेही आजच्या युनिटमध्ये माझ्याच लक्षात आलं. 24 चं चित्र 25 नं पळवलं आणि आवाज तसाच ठेवला, तर मिनिटभरात जवळपास अडीच सेकंदांचा फरक पडतो. नट बोलून मोकळा, आवाज मागून येतोय.

हे सगळं 'साउंड 2' मध्ये कुठं बसतं? 'साउंड 1' ला फ्रेम रेटचं कळतं का?

मघाशी उद्याच्या जनरेटरवाल्याला फोन लावायला माझीच यादी उघडली. 'जनरेटर कामठी'. 'ड्रोन बुटीबोरी'. 'लाइट वाडी, उधार देतो'. 'लाइट वाडी, देत नाही'. एकटीच हसत सुटले. दुसऱ्या वाडीवाल्याचं खरं नाव अजूनही आठवत नाहीये.

आता कोटेशन पाठवायचं आहे. साउंडची एक ओळ, सबटायटल्सची वेगळी, एडिटची वेगळी. काकूंचा कूलर बंद करून घेतल्याचीही एक ओळ टाकावी म्हणते, 18 टक्के जीएसटीसकट.