जोकर मेला की जगला?

आज दुपारभर इंजिनिअरिंगला असलेल्या भाच्याशी यावरच वाद चालला होता. बाहेर सोलापूरचं ऊन, नवी पेठेतली कामं संध्याकाळवर ढकललेली आणि आम्हा दोघांमध्ये ‘द किलिंग जोक’चं शेवटचं पान उघडं.

१९८८ चं हे बॅटमॅनचं कॉमिक, आणि जोकर म्हणजे त्याचा कट्टर शत्रू. भर पावसात जोकर विनोद सांगतो, बॅटमॅनही हसायला लागतो. त्याचा हात जोकरकडे जातो, खांद्यावर की गळ्यावर ते कळत नाही. मग चित्र खाली सरकतं. हसणं थांबतं. डबक्यावर पडलेली उजेडाची रेघही विझते आणि उरतात नुसते थेंब. जोकरचा विनोदही टॉर्चच्या झोताचाच होता, अर्ध्या वाटेत कुणी तो झोत बंद करेल या भीतीचा; हे लक्षात आलं की अंगावर काटा येतो.

भाचा म्हणतो, “मामा, मारलाच त्याला. नाहीतर हसू असं अचानक का थांबेल?” मला नाही पटत. आधी पोलीस आयुक्त गॉर्डननं बॅटमॅनला बजावलंय की त्याला कायद्यानंच पकडायचं. ज्याच्या मुलीला जोकरनं गोळी घातली, तो बाप हे सांगतो! त्या शब्दाला बॅटमॅन जागला, असंच मला मनापासून वाटतं.

तसा जोकर १९४० मध्ये, बॅटमॅनच्या पहिल्याच अंकात, मरणार होता. संपादकांनी शेवट बदलायला लावला आणि तो वाचल्याचं दाखवलं. तिथं उत्तर छापून आलं. इथं ते आपल्यावर सोडलंय, आणि मला हेच जास्त आवडतं.

वाचलं असेल तर सांगा, तुम्ही कुणाच्या बाजूनं?