कार्डिफमधलं माझं पहिलं सार्वमत

मला मत आहे हेच मला माहीत नव्हतं. जानेवारी 2011. ब्रिटनमधल्या वेल्सच्या राजधानीत, कार्डिफला येऊन तीन वर्षं झाली होती, डायलिसिस युनिटमध्ये नर्स होते, पासपोर्ट भारतीय. चहाच्या सुट्टीत एका वेल्श सहकारी बाईंनी विचारलं, "3 मार्चला मत देणार ना?" मी म्हटलं, मी तर परकी. त्या म्हणाल्या, "राष्ट्रकुलातले नागरिक इथे राहत असतील तर मत देतात. यादीत नाव आहे का ते बघ."

नाव नव्हतं. मी एका घरात खोली घेऊन राहत होते आणि यादीच्या फॉर्मवर घरमालकाने फक्त स्वतःच्या कुटुंबाची नावं भरली होती. वेगळा फॉर्म आणला. राष्ट्रीयत्वाच्या रकान्यात 'भारतीय' लिहून सही केली. फेब्रुवारीत वेल्श आणि इंग्रजी अशा दोन्ही भाषांत छापलेलं पोलिंग कार्ड आलं. ते मी कितीतरी दिवस आरशाला टेकवून ठेवलं होतं.

खरा वेळ गेला तो प्रश्न समजून घेण्यात. वेल्सची असेंब्ली, म्हणजे इथली विधानसभा, तर 1999 पासून होती, मग आता कशाला मत? आरोग्य, शिक्षण, घरं, शेती असे वीस विषय तिच्याकडे होते, पण त्यातल्या फक्त काही बाबींवर तिला स्वतःहून कायदा करता येई. उरलेल्यांसाठी दर वेळी लंडनच्या संसदेची परवानगी मागायची. ही परवानगीची पायरी काढायची का, एवढंच विचारलं होतं. संरक्षण आणि कर त्यात नव्हतेच. कुठल्याच बाजूला अधिकृत प्रचारसंस्थेचा दर्जा मिळाला नव्हता, त्यामुळे टीव्हीवर दोन्ही बाजूंची भाषणं नाहीत, दारात त्यांची फुकटची पत्रकं नाहीत. लोकांना धड काही कळत नव्हतं, आणि याचं मला फार वाईट वाटलं.

आमचं घर पेडण्याचं. गोव्यात 16 जानेवारी 1967 ला जनमत कौल झाला तेव्हा आजीने फुलाला, म्हणजे महाराष्ट्रात विलीन होण्याला मत दिलं, आजोबांनी दोन पानांना, म्हणजे गोवा वेगळा ठेवण्याला. फूल हरलं. पण तो दिवस आजी मतदानाच्या रांगेपासून सांगायची. तशी रांग माझ्याही वाट्याला यावी असं वाटायचं.

3 मार्चला ड्यूटी संपवून आठनंतर केंद्रावर पोचले, दहापर्यंत वेळ होता. रांग नव्हती. मतपत्रिकेवर प्रश्नाआधी मोठा परिच्छेदच छापलेला. उभ्याने सगळा वाचला आणि पेन्सिलीने 'होय'समोर फुली मारली. माझ्या मनात आमचे पेशंट होते. आठवड्यातून तीनदा चार-चार तास मशीनला जोडून बसायचं आणि किडनीची वाट बघायची. अवयवदानाचा कायदा बदलायचा की नाही, हे इथल्याच लोकांनी इथेच ठरवावं असं मला मनापासून वाटत होतं.

दुसऱ्या दिवशी निकाल लागला. 63.5 टक्के 'होय', बावीसपैकी एकवीस भागांत. फक्त मॉनमथशरने 'नाही' म्हटलं, तेही 320 मतांनी. 1979 मध्ये याच वेल्सने असेंब्ली चारास एक मतांनी नाकारली होती, 1997 मध्ये ती जेमतेम 6,721 मतांनी मिळाली. या वेळी मतदान मात्र 35.6 टक्केच. घरी फोन केला, तर आजीचा पहिला प्रश्न, "गो, तुझं फूल जिंकलं?"

2013 मध्ये असेंब्लीने अवयवदानाचा कायदा केला. हयातीत नकार नोंदवलेला नसेल तर मृत्यूनंतर संमती धरायची. 1 डिसेंबर 2015 ला तो लागू झाला. त्या दिवशी माझी सकाळची ड्यूटी होती. खिडकीजवळच्या खुर्चीतल्या आजोबांना सुई टोचताना मी ते सांगितलं. त्यांनी दुसऱ्या हाताने माझं मनगट धरलं आणि बराच वेळ सोडलं नाही.