अण्णांच्या हातातली सुपारी

रविवार, रात्रीचे साडेदहा

काल पहाटे कोकणातल्या दिवेआगरहून घरी पोचलो. पोरांच्या चपलांमधली वाळू ओसरीवर सांडलीय. बायको ती झाडेना, राहू द्या म्हणते दोन दिवस.

अंबड तालुक्यातल्या आमच्या गावातून समुद्र बघायला निघायचं म्हणजे पुणं, ताम्हिणी, माणगाव करत सगळा दिवस गाडीत जातो. पोरं पोचल्या पोचल्या पाण्यात. मी मात्र तीन दिवसांतला बराच वेळ ज्यांच्याकडं उतरलो त्या काकांच्या वाडीत काढला. आपल्याकडं वाडी म्हणजे वस्ती, तिकडं घरामागची नारळाची आणि पोफळीची, म्हणजे सुपारीची, बागही वाडीच. घराच्या मागच्या दारातून पाऊल टाकलं की थेट सावलीतच. पोफळीवर मिरीचे वेल चढलेले, मधे केळी, पायाखाली ओला पालापाचोळा.

पुढच्या दोन खोल्या पाहुण्यांना. काकू सकाळी घावने करतात, मोदकांची ऑर्डर आदल्या रात्री विचारून ठेवतात. शनिवार-रविवार गर्दी, पावसाळ्यात सगळं सामसूम. घरखर्च त्या खोल्यांवर चालतो, पण काकांचं सगळं बोलणं वाडीचंच.

३ जून २०२०. निसर्ग चक्रीवादळ याच किनाऱ्यावर आलं. बापानं लावलेल्या पोफळी काकांच्या डोळ्यांदेखत कमरेतून मोडल्या. लॉकडाऊनमुळं खोल्याही रिकाम्या. पोफळीला फळ धरायला सहा-सात वर्षं लागतात, आणि काका तेव्हाच साठीला आलेले. तरी त्यांनी आधी केळी लावल्या. पोफळीच्या रोपाला ऊन सोसत नाही, ते करपतं, म्हणून केळीच्या सावलीत एकेक रोप. आता ती झाडं माझ्या डोक्याच्या वर गेलीत. काका प्रत्येक खोडाला हात लावत पुढं चालत होते, आपण बैलाच्या पाठीवरून फिरवतो तसा.

तिथं मला आमची मोसंबी आठवली. २०१२-१३ चा दुष्काळ. विहिरीनं तळ गाठला, अण्णांनी टँकर विकत घेऊन साडेतीनशे झाडं जगवायची धडपड केली. उन्हाळा सरेपर्यंत पैसेही संपले आणि झाडंही वाळली. अण्णांनी स्वतः कुऱ्हाड लावली. दोन वर्षं घरात मोसंबीचंच जळण होतं. त्यानंतर त्या रानात कपाशी नाहीतर सोयाबीन. बागेचं नाव घरात कुणी काढलं नाही, मीही नाही. त्याचं मला फार वाईट वाटतं. निदान त्यांच्या शेजारी बसून बोलायला तरी हवं होतं.

कोकणात तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस, आपल्याकडं सातशेच्या आसपास. तुलना होत नाही, हे मलाही कळतं. पण त्याच कोकणात डोंगरावरच्या वस्त्यांना एप्रिल-मेमध्ये टँकर लागतो. उतारावर पाणी थांबत नाही. हे काकांकडून ऐकलं तेव्हा मी गप्पच झालो.

येताना काकांनी सालासकट एक सुपारी हातावर ठेवली, वादळातून वाचलेल्या झाडाची. संध्याकाळी ती अण्णांना दिली आणि सगळं सांगितलं. अण्णा बराच वेळ अंगठ्याच्या नखानं तिचं साल उकरत बसले. मग म्हणाले, "आधी केळी लावल्या म्हणतोस? किती फुटावर?"

ते मी विचारलंच नव्हतं. उद्या सकाळी काकांना फोन लावतो.