शांता आपटे ऐकायच्या तर आधी वेग तपासा

जळगाव, वैशाख. सोमवार.

पारा बेचाळीसच्या वर गेला की आधी तबकड्यांची काळजी, गाणं मागून. मिनिटाला ७८ फेरे घेणारी ग्रामोफोनची जुनी तबकडी म्हणजे लाख, दगडाची भुकटी आणि काजळी. पत्र्याच्या खोलीत आडवी थप्पी लावली की खालच्यांवर भार येतो, उष्णतेनं लाख नरमते आणि तबकडी बशीसारखी खोलगट होते. धाब्याचं घर असेल तर आतल्या भिंतीलगत उभ्या ठेवाव्यात, फार दाटीवाटीनं नाही. पुसायला कोमट पाणी आणि साबणाचा एखादा थेंब पुरतो, पण लेबल भिजू द्यायचं नाही. स्पिरिट तर अजिबात नको, लाख विरघळते त्यानं. दहा इंची तबकडीच्या एका बाजूला जेमतेम सव्वातीन मिनिटं मावतात, त्यातला ओरखडासुद्धा महाग पडतो.

मंगळवार.

जुन्या बोलपटांतल्या गायिका-नटी शांताबाई आपटे यांचा आवाज 'चिरका' आहे असं म्हणणाऱ्यांनी आधी यंत्राचा वेग बघावा. ७७ रेघांची स्ट्रोबची, म्हणजे वेग तपासायची चकती फिरत्या यंत्रावर चोकवाल्या ट्यूबलाइटखाली ठेवायची; रेघा जागच्या जागी स्थिर दिसल्या की वेग मिनिटाला ७७.९२ फेरे, म्हणजे बरोबर. एलईडीखाली हा प्रयोग बरेचदा फसतो. वेग सहा टक्के वाढला तर सूर अर्ध्या स्वरानं चढतो, म्हणजे पेटीच्या पांढरी दोन पट्टीतलं गाणं शेजारच्या काळी दोनमध्ये ऐकू येतं. आवाज पोरसवदा होतो, मुरक्या घाईत उरकल्यासारख्या वाटतात, आणि दोष जातो गाणारीच्या माथी.

सुईचंही तसंच. हाताच्या फोनोला पोलादी पिन दर बाजूला नवी लावायची. विजेच्या यंत्रावर ७८ साठी तीन मिलची (मिल म्हणजे इंचाचा हजारावा भाग) सुई हवी. एलपीची, म्हणजे नंतरच्या लाँगप्ले तबकड्यांची बारीक सुई खाचेच्या तळाशी घासत जाते आणि नुसती खरखर उचलते.

बुधवार.

पण तबकडी म्हणजे सिनेमातलं गाणं नव्हे. त्या काळी तीच गाणी बरेचदा ग्रामोफोन कंपनीच्या स्टुडिओत नव्यानं गाऊन घेत. शांताबाईंचं खरं काम बघायचं तर पडद्यावरच.

दुधनीची ही मुलगी १९३२ च्या 'श्यामसुंदर'मध्ये राधा झाली. दिग्दर्शक भालजी पेंढारकर, कृष्ण शाहू मोडक. १९३४ मध्ये प्रभात फिल्म कंपनीचा 'अमृतमंथन' आला, संगीत केशवराव भोळ्यांचं. कलकत्त्याच्या न्यू थिएटर्स या चित्रपट कंपनीनं प्लेबॅक, म्हणजे गाणं आधी मुद्रित करून पडद्यावर नुसते ओठ हलवणं, आणला तो १९३५ मध्ये. त्याआधीची रीत अशी, की नट कॅमेऱ्यासमोर प्रत्यक्ष गाणार आणि ध्वनी त्याच वेळी फिल्मवर उतरणार. माइक कॅमेऱ्याच्या चौकटीच्या जरा वर टांगलेला, वादक चौकटीबाहेर. तबला माइकजवळ आला तर गळा दबायचा आणि लांब गेला तर ठेका हरवायचा. नंतर मिसळून सुधारण्याची सोय नाही, म्हणून सगळा तोल वादकांच्या बैठकीनंच साधायचा. पंखा आवाज करतो म्हणून बंद, डोक्यावर दिवे तळपत असलेले. जळगावकरांना निदान ही शिक्षा समजावून सांगायला नको.

खरी अडचण जोडकामाला यायची. मुखडा लांबून टिपला आणि अंतरा जवळून, मधे दिवे हलवण्यात वेळ गेला, की दुसऱ्या वेळी लय किंचित वाढलेली असायची. दोन तुकडे जोडले की नेमका सांध्यावर ठेका उडी मारतो. एकाच दमात सगळं गाणं टिपलं तर हा त्रास नाही, पण मग शेवटच्या ओळीत चुकलं की पहिल्यापासून गा. हे टाळायला बरेच जण खांबासारखे उभे राहून गात. शांताबाई हात, मान, डोळे सगळं वापरत गातात आणि तरी सूर माइकखालून निसटत नाही. माझ्या मते त्यांचं मोठेपण गळ्याइतकंच या हिशेबात आहे.

गुरुवार.

आमच्या गावात गाण्याचा विषय बालगंधर्वांवर आल्याशिवाय राहत नाही, त्यांचं बालपण इथलं. पण ते माप इथे लावू नये. रंगभूमीवर वन्समोअर मिळे आणि पद रंगेल तितकं लांबे. प्रभातनं १९३५ च्या 'धर्मात्मा'त त्यांना एकनाथ केलं, तिथेही पडद्याच्या चौकटीत रंगभूमीची ती ऐसपैस बैठक मावत नाही. शांताबाई तान आखूड घेतात, शब्द आधी पोहोचवतात. १९३६ च्या 'अमरज्योती'तलं 'सुनो सुनो बन के प्राणी' ऐका, संगीत मास्टर कृष्णरावांचं. व्यंजनं किती मोकळी पडतात बघा. तेव्हाच्या फिल्मवर वरचे बारीक नाद नीट उतरत नसत. स, श पुसट होत, म्हणून शब्द ओठांवरच पक्का लागे.

१९३७ चा 'कुंकू' तर पार्श्वसंगीताशिवाय. कानावर येतं ते प्रसंगातलंच, घड्याळासारखं. अशा मोकळ्या ध्वनिपटात गाणं सुरू झालं की गळ्याला आडोसाच नाही. म्हाताऱ्या काकासाहेबांच्या गळ्यात बांधलेली नीरा, म्हणजे शांताबाई, लाँगफेलोची इंग्रजी कविता गाते ती इथेच.

शुक्रवार.

१९३९ मध्ये करारावरून वाद झाला तेव्हा त्या प्रभातच्या फाटकात उपोषणाला बसल्या. पगारी नटीनं कंपनीच्या दारात बसणं तेव्हा कुणाच्या स्वप्नातही नसेल! पुढच्याच वर्षी 'जाऊ मी सिनेमात?' हे त्यांचं पुस्तक आलं. होतकरू मुलींना आजही वाचायला द्यावं असं. १९४१ मध्ये तमिळ 'सावित्री', भाषा शिकून केलेली. नारद झाल्या होत्या एम. एस. सुब्बुलक्ष्मी. मग लाहोरचा 'जमीनदार', १९४२ चा.

१९४६ च्या 'सुभद्रा'त 'मैं खिली खिली फुलवारी' आहे, शांताबाई आणि कोवळ्या वयातल्या लताबाई एकत्र. ही तबकडी मिळाली तर वेग तपासूनच लावा, नाहीतर कुठली ओळ कुणाची यावर वाद होतो. त्यानंतर चार-पाच वर्षांतच नायिकेनं स्वतः गायलं पाहिजे ही अट उरली नाही, आणि शांताबाईंना मिळणारी कामंही आटत गेली.