सेल्फ मारल्यावरचे पहिले दोन सेकंद

तो आवाज मी चार महिने ऐकत होते आणि चार महिने स्वतःची समजूत घालत होते. रात्रभर उभी असलेली गाडी सकाळी सुरू केली की बॉनेटखालून खरखर यायची, पत्र्याच्या डब्यात खिळे घालून हलवावेत तशी. दोन सेकंद, फार तर तीन. मग इंजिन दिवसभर शहाण्यासारखं चालायचं. ओढ व्यवस्थित, पेट्रोल पूर्वीइतकंच. थंडीमुळे असेल म्हणत मी कानाडोळा केला. थंडी संपली, खरखर राहिली.

गाडी तेव्हा १ लाख १८ हजार किलोमीटर चालली होती. विकत घेताना मला सांगितलं होतं, ‘हिला बेल्ट नाही, चेन आहे. विसरून जा.’ ते मी अगदी मनावर घेतलं. इंजिनातला खालचा फिरता दांडा वरच्या व्हॉल्व्ह उघडणाऱ्या दांड्याला ठरल्या वेळेत फिरवतो, तो टायमिंग बेल्टने किंवा चेनने. टायमिंग बेल्ट रबरी असतो, तो किती किलोमीटरनंतर किंवा किती वर्षांनी बदलायचा ते मॅन्युअलमध्ये छापलेलं असतं. चेनबद्दल बहुतेक मॅन्युअल गप्प असतात. त्या गप्प बसण्याचा अर्थ मी ‘कधीच बदलावी लागत नाही’ असा घेतला होता. खरा अर्थ एवढाच, की कधी बदलायची ते किलोमीटरवरून ठरत नाही. चांगलं ऑइल वेळेवर मिळालं तर ती दोन-अडीच लाख किलोमीटरही आरामात काढते, नाही मिळालं तर त्याच्या अर्ध्यातच मान टाकते. माझ्या हातून ऑइल बदलायला दोनदा भरपूर उशीर झाला होता, आणि गाडीच्या फेऱ्या बहुतेक चार-पाच किलोमीटरच्या. इंजिन पुरतं तापायच्या आत बंद व्हायचं. अशा वापरात न जळलेलं पेट्रोल आणि ओलावा ऑइलमध्ये उतरत राहतो आणि ऑइल पातळ होतं. हे मला नंतर कळलं.

मग एक दिवस चेक इंजिनचा दिवा लागला.

पहिल्या गॅरेजमध्ये स्कॅनर लावला, कोड आला पी००१६. ‘कॅमचा सेन्सर गेलाय,’ असं सांगून त्यांनी सेन्सर बदलला, दिवा घालवला. आठ दिवसांनी दिवा परत. मी सकाळच्या आवाजाबद्दल सांगितलं होतं, पण गाडी तिथपर्यंत चालवत नेलेली, इंजिन गरम, आवाज कुठून येणार? त्यांनी ऐकलं, काही नाही म्हणाले. त्यांच्या कानांचा यात दोष नव्हता. हा आवाज ऐकायचा तर गाडी रात्रभर गॅरेजमध्येच ठेवावी लागते, आणि ते ना त्यांना सुचलं ना मला.

पी००१६ हा कोड प्रत्यक्षात एवढंच सांगतो की क्रँकशाफ्ट (पिस्टन फिरवतात तो खालचा दांडा) आणि कॅमशाफ्ट (व्हॉल्व्ह उघडणारा वरचा दांडा) यांच्या जागा एकमेकांशी जुळत नाहीत. कारण सेन्सर असू शकतं, त्याची वायर असू शकते, कॅम पुढेमागे करणारा ऑइलचा व्हॉल्व्ह चिकटलेला असू शकतो, किंवा चेन. क्रँक दोनदा फिरतो तेव्हा कॅम एकदा फिरला पाहिजे. म्हणून वरच्या दातेरी चाकाला खालच्याच्या बरोबर दुप्पट दात असतात. हा हिशेब चुकला की व्हॉल्व्ह चुकीच्या वेळी उघडतात. फार चुकला तर बऱ्याच इंजिनांत उघडा व्हॉल्व्ह आणि वर येणारा पिस्टन यांची गाठ पडते. व्हॉल्व्ह वाकतात, हेड उतरवावं लागतं, आणि चेनच्या कामाचं रूपांतर इंजिनच्या कामात होतं.

दुसरे मेकॅनिक ओळखीतून मिळाले. वयाने मोठे, कमी बोलणारे. त्यांना मी फोनवर रेकॉर्ड केलेला सकाळचा आवाज ऐकवला. दोनदा ऐकून त्यांनी पहिला प्रश्न विचारला तो ऑइलचा. ‘ताई, मागचं ऑइल कधी बदललं?’ मी जरा इकडचं तिकडचं बोलले. त्यांनी डिपस्टिक काढून दाखवली. ऑइल काळं होतंच, शिवाय खालच्या खुणेलाही टेकत नव्हतं.

त्यांची पुढची पद्धत मला आवडली. गाडी उघडायच्या आधी त्यांनी फक्त ऑइल आणि फिल्टर बदलला. चेन ताणून धरणारा टेन्शनर ऑइलच्या दाबावर चालतो. फिल्टरमध्ये एक रबरी झडप असते, ती गाडी उभी असताना ऑइल खाली उतरू देत नाही. झडप निकामी असेल तर सकाळी टेन्शनरपर्यंत ऑइल पोचायला वेळ लागतो, आणि तेवढा वेळ ढिली चेन कव्हरच्या आत आपटते. म्हणजे खरखर नुसत्या फिल्टरमुळेही असू शकते. ‘उद्या सकाळी मी स्वतः सुरू करतो. गेला आवाज तर तुमचं नशीब.’

आवाज कमी झाला, गेला नाही.

मग त्यांनी मोजलं. गरम इंजिन आयडलिंगला ठेवून स्कॅनरवर कॅम आणि क्रँकमधला फरक पाहिला. तो शून्याच्या आसपास असायला हवा होता, कॅम साधारण ५ अंश मागे होता. किती अंश चालतात ते प्रत्येक इंजिनाचं वेगळं, आमच्या इंजिनाच्या मर्यादेबाहेर हे गेलेलं होतं. त्यानंतर इंजिन गार झाल्यावर समोरच्या कव्हरवरची एक छोटी डबी उघडून टॉर्चच्या उजेडात टेन्शनरचा दांडा दाखवला. त्याला करवतीसारख्या खाचा असतात. चेन लांबते तसा दांडा एकेक खाच बाहेर येतो, आणि मागे जात नाही. माझा जवळपास शेवटपर्यंत आला होता. पुढे ताणायला त्याच्याकडे काही शिल्लकच नव्हतं. प्रत्येक इंजिनाला अशी खिडकी नसते, नसेल तिथे निदान टॅपेट कव्हर, म्हणजे इंजिनाचं वरचं झाकण, उघडून वरून पाहावं लागतं. पण इतकं दाखवल्याशिवाय कोणी ‘चेन गेली’ म्हणत असेल तर मी आता काम देणार नाही.

मी विचारलं, काम होईपर्यंत चालवू का? उत्तर आलं, ‘आवाज दोन सेकंदांत थांबतो तोवर फार तर घरापर्यंत. गरम झाल्यावरही वाजायला लागली तर टोइंग करून आणा.’ मी चावी तिथेच ठेवली.

आधी मनात होतं की व्हिडिओ बघून आपणच करू, हत्यारं भाड्याने आणू. तो उत्साह क्रँकच्या पुलीचा बोल्ट सुटताना पाहून मावळला. दोन माणसं आणि हातभर लांब दांडी. शिवाय त्यांनी एक गोष्ट सांगितली ती मला कोणत्याच व्हिडिओत भेटली नव्हती: काही इंजिनांत क्रँकवरचं दातेरी चाक खाचेत बसणाऱ्या लोखंडी चावीने पक्कं केलेलं नसतं, फक्त त्या बोल्टच्या दाबाने धरलेलं असतं. क्रँक आणि कॅम आधी लॉक न करता बोल्ट सोडला की टायमिंग तिथेच गेलं. आणखी एक: काही गाड्यांत चेन इंजिनाच्या मागच्या बाजूला, गिअरबॉक्सकडे असते. तिथे गिअरबॉक्स तरी खाली घ्यावा लागतो, नाहीतर अख्खं इंजिन बाहेर. माझी पुढच्या बाजूला होती, हे माझं या सगळ्यातलं एकमेव भाग्य. मी टॉर्च धरायचं काम पत्करलं.

अल्टरनेटरचा बाहेरचा बेल्ट, पुली, एका बाजूचं इंजिन माउंटिंग, टॅपेट कव्हर, मग पुढचं मोठं कव्हर. हे सगळं उतरवण्यात पहिला दिवस गेला. पहिल्या सिलिंडरचा पिस्टन सर्वांत वर आणून लॉकिंगची हत्यारं बसवली, टेन्शनर दाबून त्यात पिन घातली, चेन बाहेर आली. आणि मग ते थांबले. चेन ज्यांवरून सरकते त्या प्लॅस्टिकच्या पट्ट्यांपैकी एकीचं खालचं टोक तुटलेलं होतं. तुटका भाग कव्हरमध्ये नव्हता.

‘तुकडा सापडल्याशिवाय मी बंद करणार नाही.’

माझ्या हिशेबात खालचा ऑइलचा चेंबर उतरवायचं काम नव्हतंच. खर्च वाढणार, एक दिवस वाढणार. पण तो तुकडा खालीच गेलेला असणार, आणि तिथे ऑइल ओढणारी जाळी असते. नवी चेन घालून जाळी तुंबलेली ठेवली तर काही दिवसांनी ऑइलचा दाब पडणार आणि नवा टेन्शनरही ढिला पडणार. चेंबर उतरवला. तळाशी चिखलासारख्या काळ्या थरात एक मोठा तुकडा, आणि जाळीला चिकटलेल्या बारीक कपच्या. आम्ही त्या धुऊन कागदावर मांडल्या, जुन्या पट्टीला लावून लावून पाहिल्या. अर्धा तास हा खेळ चालला. शेवटी पट्टीचं टोक पूर्ण जुळलं, नखाएवढी एक कपची सोडून. ती जाळीच्या आतल्या बाजूला अडकलेली मिळाली. तेव्हा कुठे त्यांनी चहा मागवला. सगळ्या कामातला हा अर्धा तास मला सर्वांत मोलाचा वाटतो, आणि बिलात तो कुठेच दिसत नाही.

चेनमध्ये मात्र मला काहीच दिसेना. मी समजत होते ती सायकलच्या जुन्या चेनसारखी लोंबत असेल. नवी आणि जुनी शेजारी शेजारी एकाच दांड्यावर टांगल्या. फरक जेमतेम दोन-सव्वादोन मिलिमीटर. एवढ्यासाठी हा सगळा खटाटोप? पण टांगलेल्या चेनच्या दोन बाजू असतात, म्हणजे एकूण लांबी साडेचार मिलिमीटरने वाढली होती. चेनला १५० कड्या. भागाकार केला तर प्रत्येक सांध्यात ०.०३ मिलिमीटर, केसाच्या जाडीपेक्षाही कमी. आपण ‘चेन ताणली’ म्हणतो, पण पोलाद ताणलं गेलेलं नसतं. कड्यांमधल्या बारीक पिना आणि त्यांची भोकं झिजतात, आणि दीडशे ठिकाणची झीज एकत्र येते. घाण ऑइल तिथे पॉलिश पेपरसारखं काम करतं. ऑइल बदलायला केलेला उशीर असा मला मिलिमीटरमध्ये मोजून मिळाला.

नुसती चेन किंवा नुसता टेन्शनर बदलून भागेल का, हे मी विचारून पाहिलं. जुन्या चेनच्या मापाने झिजलेल्या दातांवर नवी चेन नीट बसत नाही, ती लवकर खराब होते. आणि सगळा खर्च उघडण्या-लावण्याच्या मजुरीचा आहे. चेन, टेन्शनर, सगळ्या पट्ट्या, दातेरी चाकं, पुढचं ऑइल सील, क्रँकचा नवा बोल्ट, सगळं एकदमच घातलं. तो बोल्ट ठराविक टॉर्क देऊन मग अंशांत फिरवून आवळायचा असतो. त्यात तो खरोखरच किंचित ताणला जातो, म्हणून जुना परत वापरत नाहीत.

नवी चेन लावताना तिच्यातल्या रंगीत कड्या चाकांवरच्या खुणांसमोर येतील अशा बसवल्या. टेन्शनरची पिन ओढली, दांडा खट्‌ करून पुढे आला. मग सेल्फला हात न लावता पान्याने इंजिन हळूहळू दोन पूर्ण फेरे फिरवलं, फक्त सरळ दिशेने. उलटं फिरवलं तर चेनची ढिली बाजू बदलते आणि चेन एखादा दात सोडून सरकू शकते. कुठे अडकलं तर जोर करायचा नाही, कारण आत व्हॉल्व्ह पिस्टनला टेकलेला असू शकतो. दोन फेरे झाले आणि माझा जीव खाली-वर. चाकांवरच्या खुणा जागेवर होत्या, पण रंगीत कड्या भलतीकडेच गेल्या होत्या! ते हसले. कड्यांचे रंग फक्त बसवताना कामाचे. खालच्या चाकाला २० दात, म्हणजे दोन फेऱ्यांत चेन ४० कड्या पुढे जाते. १५० कड्यांच्या चेनमधल्या रंगीत कड्या पुन्हा सगळ्या चाकांच्या खुणांसमोर एकाच वेळी यायला क्रँकचे ३० फेरे लागतात. हे गणित मी नंतर कागदावर करून पाहिलं, तेव्हा विश्वास बसला.

कव्हरचं सिलिकॉन वाळायला रात्रभर ठेवलं. घाई करून लगेच ऑइल भरलं की तिथूनच पाझरतं म्हणे. सकाळी नवं ऑइल भरून आधी पेट्रोलचा पुरवठा बंद ठेवून थोडा थोडा सेल्फ मारला, ऑइलचा दिवा विझेपर्यंत, म्हणजे कोरड्या टेन्शनरमध्ये ऑइल भरेल. मग खरं सुरू केलं. सेकंदभर खरखर आलीच, माझ्या पोटात गोळा. ‘नव्या टेन्शनरमधली हवा आहे,’ ते म्हणाले. बंद करून पुन्हा सुरू केलं तेव्हा नव्हती. स्कॅनरने जुने कोड पुसले, कॅमची जागा गाडीच्या कंप्युटरला नव्याने शिकवली. फरक आता अर्ध्या अंशाच्या आत होता.

जाताना दोन सूचना मिळाल्या. आतला उरलासुरला गाळ निघावा म्हणून हे ऑइल १००० किलोमीटरलाच बदलायचं. आणि त्या वेळी गाडी आदल्या संध्याकाळी आणून ठेवायची.

तशी ठेवली. सकाळी मी पोचले तेव्हा बॉनेट उघडं होतं. मला गप्प राहायची खूण करून त्यांनी गॅरेजमधल्या मुलाला सेल्फ मारायला सांगितला आणि कान कव्हरजवळ नेला. एक सेकंद, दोन, तीन. इंजिन नुसतं गुरगुरत राहिलं. त्यांनी बॉनेट खाली घेतलं, हात पुसले, मागच्या गाडीच्या माणसाला पुढे यायला सांगितलं.