तुम्ही विचारलंत म्हणून: दोनशेत वायफाय असताना ही वायर कशाला?

हा प्रश्न मला महिन्यातून दोनदा तरी येतोच. कधी प्रोजेक्ट घेऊन आलेली इंजिनीअरिंगची मुलं विचारतात, कधी नागपूरच्या बर्डीवर सुटे भाग देणारा पोरगा. परवा त्यानं सरळच तोंडावर टाकलं, "काका, वायफायवालं बोर्ड दीड-दोनशेत भेटून राहिलं, अन् तुम्ही दुप्पट-तिप्पट देऊन वायरवालं काऊन नेता?"

काउंटरवर उभ्या उभ्या याचं उत्तर होत नाही, म्हणून इथे लिहितो.

माझा धंदा लहान आहे. हिंगण्याला एमआयडीसीत एक गाळा, हाताखाली दोन माणसं. शीतगृहं आणि जिनिंगवाल्यांसाठी आम्ही डबे बनवतो: तापमान मोजायचं, मोटर किती करंट ओढते ते बघायचं, आणि आकडे मालकाच्या टेबलावरच्या संगणकापर्यंत पोचवायचे. पोचवण्याचं काम करते डब्ल्यू५५०० नावाची, पावाच्या तुकड्याहूनही लहान चिप. ती विझनेट या कोरियन कंपनीची. १९९८ साली सुरू झालेल्या या कंपनीने एकच गोष्ट धरून ठेवली: इंटरनेटचे नियम प्रोग्राममध्ये लिहायचे नाहीत, थेट सिलिकॉनमध्ये कोरायचे. आर्डुइनो म्हणजे शिकणाऱ्यांचं ते लहान प्रोसेसर-बोर्ड. त्यावर बसणारं, वायरीचं नेटवर्क जोडणारं जुनं इथरनेट शील्ड ज्यांनी हाताळलंय, त्यांनी हिची थोरली बहीण डब्ल्यू५१०० पाहिलेली आहे, नाव माहीत नसलं तरी.

वायर का, याचं सोपं उत्तर आधी देऊन टाकतो. शीतगृहाच्या भिंती म्हणजे दोन पत्र्यांमध्ये भरलेला फोम. दार लागलं की आतला वायफाय आत, बाहेरचा बाहेर. आणि मालकाचा पुतण्या दर दिवाळीला राउटरचा पासवर्ड बदलतो. केबलला पासवर्ड नसतो. पण वायर लावली की काम झालं, असंही नाही. वायरीच्या टोकाला कोण बसलंय, ते महत्त्वाचं.

साध्या आर्डुइनो उनोमधल्या प्रोसेसरकडे रॅम, म्हणजे कामापुरती मजकूर ठेवायची जागा, आहे २ केबी. इथरनेटच्या एका पाकिटात १५०० बाइट मजकूर मावतो. म्हणजे एक पाकीट मांडीवर घेतलं की दुसऱ्याला टेकायला जागा नाही. त्यात टीसीपीचा, म्हणजे मजकूर बिनचूक पोचवायच्या इंटरनेटच्या नियमांचा, कारभार आपल्या पोस्टातल्या पोचपावतीसारखा: प्रत्येक तुकड्यावर क्रमांक, पलीकडून पावती आली का बघायचं, नाही आली तर तोच तुकडा पुन्हा पाठवायचा, आणि तोवर तो जपून ठेवायचा. हे सगळं त्या २ केबीत, शिवाय तापमान मोजता मोजता. माझे सुरुवातीचे डबे असेच होते. नेटवर्कची चिप फक्त पाकिटं आत-बाहेर करायची, बाकीचे सगळे नियम प्रोसेसरच्या प्रोग्राममध्ये. गाळ्यात मस्त चालायचे. गिऱ्हाइकाकडे दहा-बारा दिवसांनी झोपायचे. चूक माझ्याच कोडात होती, पण ती सापडेपर्यंत एक अख्खा हंगाम गेला.

डब्ल्यू५५०० मध्ये हा पोस्टमास्तर वेगळा बसवलेला आहे. स्वतःची ३२ केबी जागा, आठ सॉकेट, म्हणजे एकाच वेळी आठ जणांशी स्वतंत्र बोलणं. पावती आली नाही तर चिप मुळातल्या सेटिंगप्रमाणे २०० मिलिसेकंद थांबून पुन्हा पाठवायला लागते, आणि आठ वेळा पाठवूनही दाद नाही मिळाली की प्रोसेसरला कळवते, "नाही लागत बाप्पा." प्रोसेसरने चार-सहा तारांवरून मजकूर तिच्या हाती द्यायचा आणि आपल्या कामाला लागायचं. लहान, स्वस्त प्रोसेसरवर भागतं ते यामुळे.

आता ज्या गोष्टीसाठी हे लिहायला बसलो, ती. या चिपची तारीफ करणारे ही सांगत नाहीत.

भंडारा रोडवरच्या एका शीतगृहात मिरचीची पोती होती आणि माझे डबे होते. मे महिना, बाहेर पंचेचाळीस. रात्री अकराला मुनीमजींचा फोन: "साहेब, तीन नंबरच्या खोलीचा आकडा दुपारपासून जसाच्या तसा आहे." मी घरूनच त्यांच्या ऑफिसच्या संगणकावर शिरलो आणि तीन नंबरच्या डब्याला पिंग केलं, म्हणजे नेटवर्कवरून 'आहेस का?' अशी हाक मारली. खणखणीत उत्तर. एकही पाकीट गळलं नाही. मी म्हटलं, "डबा जिवंत आहे, मुनीमजी. खोलीच स्थिर असेल. झोपा."

सकाळी गेलो तर त्या खोलीचा कॉम्प्रेसर रात्रीच कधीतरी बंद पडलेला, आत चांगलंच गरम झालेलं, आणि माझा प्रोसेसर दुपारपासून अडकून बसलेला. मग रात्री पिंगला उत्तर कोणी दिलं? चिपनं. पिंगला उत्तर देणं हेही त्या सिलिकॉनमध्येच कोरलेलं आहे, त्यासाठी ती प्रोसेसरला विचारतसुद्धा नाही. वीज आणि पत्ता तिच्याकडे असला की झालं. घरमालक आत बेशुद्ध पडलाय आणि दारावरचा गुरखा येणाऱ्याला सांगतोय, "साहेब घरीच आहेत." खोटं नाही बोलला बिचारा.

मिरची वाचली, मालक दोन शब्द जास्त बोलला, ते वाजवीच होतं. कंपनीच्या माहितीपत्रकात हे स्पष्ट लिहिलेलं आहे, पिंगला उत्तर देऊ नये असं सांगणारा एक बिटही दिलेला आहे. मी ते पान वाचलं होतं. 'किती सोयीचं!' म्हणून पुढे गेलो होतो.

तेव्हापासून दोन गोष्टी केल्या. प्रोसेसरने ठरावीक वेळेत हजेरी लावली नाही तर त्याला आपोआप रीसेट करणारा वॉचडॉग चालू केला. आधीही तो प्रोसेसरमध्ये होताच, मीच बंद ठेवला होता, कारण चाचणी करताना त्रास द्यायचा. दुसरं म्हणजे, प्रत्येक आकड्यासोबत एक मोजणी जाते, दर वेळी एकने वाढणारी. ती वाढवतो प्रोसेसरचा प्रोग्राम. चिपला ती करता येत नाही.

बाकीच्या खोडी थोडक्यात. डब्ल्यू५५०० ला स्वतःचा मॅक पत्ता, म्हणजे नेटवर्कवर प्रत्येक यंत्राची वेगळी ओळख, नसतो, तो आपण भरायचा. आर्डुइनोच्या नमुना प्रोग्राममध्ये एक पत्ता टाइप केलेलाच असतो, डीई-एडी-बीई-ईएफ पासून सुरू होणारा, आणि घाईत सगळे तोच ठेवतात. मीही ठेवला होता. एका जिनिंगमध्ये दोन डबे एकाच पत्त्यावर नांदत होते, एक दिसला की दुसरा गायब. दोन दिवस मी केबलचे कनेक्टर बदलत बसलो. आता प्रत्येक डब्याला वेगळा पत्ता, आणि तो आतल्या बाजूला मार्करने लिहिलेला.

सिलिकॉनमध्ये कोरलेलं बदलता येत नाही, ही दुसरी गोष्ट. हिला आयपीव्ही४, म्हणजे इंटरनेटच्या पत्त्यांची जुनी पद्धत, येतं, नवी आयपीव्ही६ हवी तर त्याच कंपनीची डब्ल्यू६१०० घ्यावी लागते. आणि मजकूर कुलूपबंद करून पाठवणं, म्हणजे टीएलएस, चिप करत नाही. ते ओझं पुन्हा प्रोसेसरवर. म्हणून माझे डबे आवाराबाहेर बोलतच नाहीत. बाहेर पाठवायचं ते ऑफिसातला संगणक पाठवतो. कोणाला डबा थेट इंटरनेटवर टाकायचा असेल, तर त्याला मी हा मार्ग सुचवणार नाही.

आणि हो, माझ्या घरच्या कुलरला तेच दोनशेचं वायफायवालं बोर्ड आहे. खसच्या टट्ट्यावर पाणी सोडायचं, एवढंच त्याचं काम. मधूनच ते नेट सोडतं. घरातलं कोणी उठून त्याचं बटण बंद-चालू करतं, आणि ते परत येतं. शीतगृहात रात्री अडीचला बटण दाबायला कोण उठणार?

मुनीमजी मात्र अजून पिंगचं नाव काढलं की हसतात. गेल्या उन्हाळ्यात त्यांचा फोन आला तेव्हा "डबा चालू आहे का" असं मला विचारलंच नाही. म्हणाले, "साहेब, तीन नंबरची मोजणी चार मिनिटांपासून थांबून राहिली. मी खोलीकडे निघालो, तुम्ही या."