मोझरीच्या वाटेवर झुबिन मेहता

आर्वी तालुक्यातून मोझरीला जायचं तर आधी तळेगाव गाठायचं, तिथून नागपूर-अमरावती महामार्ग धरायचा. वर्धा नदी ओलांडली की अमरावती जिल्हा लागतो. मग तिवसा, मग मोझरी. एरवी सरळ रस्ता. पण दिवाळीच्या आधी, अश्विन वद्य पंचमीला, राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांच्या पुण्यतिथीला निघालात तर वेळेचा हिशेब घरी ठेवून निघा. कडेकडेने भगव्या टोप्यांच्या पायी दिंड्या, ट्रॉलीत बसलेल्या बाया आणि पोरं, आणि त्यात सोयाबीन निघालेलं. तळेगावपर्यंतच्या आतल्या रस्त्यावर अर्ध्या डांबरावर सोयाबीन वाळत घातलेलं होतं. गाड्यांनी उरलेल्या अर्ध्यातून जायचं, आणि समोरून कोणी आलं तर दोघांनी एकमेकांकडे बघून ठरवायचं.

गाडी मामा चालवत होते. ते गावच्या गुरुदेव भजन मंडळात खंजिरी वाजवतात, मागच्या सीटवर त्यांचे दोन झीलकरी, म्हणजे मागून साथीला गाणारे. माझ्या मोबाइलवर बीथोवेनची पाचवी सिंफनी लागली होती, वाद्यवृंदाचे संचालक झुबिन मेहता. तिवशाच्या अलीकडे चहाला थांबलो तेव्हा मामांनी फोन हातात घेऊन बराच वेळ पाहिलं.

“हा बाबू वाजवून काय रायला?”

“काहीच नाही. तो बाकीच्यांकडून वाजवून घेतो.”

“हात हालवून?”

या प्रश्नाला मी आजवर ऐकलेली उत्तरं फार गोड आणि फार निरुपयोगी असतात. म्हणून मामांना त्या सिंफनीची सुरुवातच पुन्हा लावून दाखवली. ते प्रसिद्ध चार स्वर सगळ्यांना माहीत असतात, पण लिहिलेल्या संगीतात त्यांच्या आधी एक छोटा विराम आहे. म्हणजे संचालकाचा पहिला ठोका रिकाम्या जागेवर पडतो, आणि त्यावरून अख्ख्या ताफ्याने एकदम उठायचं. हात जरा सैल पडला तर कोणी आधी, कोणी नंतर. मामांचा चेहरा लगेच बदलला. “मंग खालीवरून उचललं ना लेकाच्यानं!” खाली म्हणजे तालातली रिकामी जागा. मागचे दोघेही माना डोलवू लागले. पुढे काही समजवावं लागलं नाही. आमच्या शहरातल्या मैफलींत सुटाबुटात बसून जांभई दाबणाऱ्या काही लोकांपेक्षा हे तिघे मला जास्त जाणकार वाटले.

मग रस्ताभर झुबिन मेहतांचंच पुराण. मुंबईतल्या पारशी घरातला हा मुलगा, जन्म 29 एप्रिल 1936 चा. वडील मेहली मेहता व्हायोलिन वाजवत. बॉम्बे सिंफनी ऑर्केस्ट्रा त्यांनी 1935 साली उभा केला. त्याच साली मोझरीला तुकडोजी महाराजांचा गुरुकुंज आश्रम सुरू झाला. या योगायोगाला काही अर्थ नाही, पण मामांना तो फार आवडला आणि पुढे दिवसभर भेटेल त्याला ते तो ऐकवत होते. झुबिनने डॉक्टर व्हावं असं घरात चाललेलं. तो मात्र 1954 मध्ये, अठराव्या वर्षी, व्हिएन्नाला गेला. तिथे कार्ल ब्यॉम यांच्या हाताखाली व्हिएन्ना फिलहार्मोनिकने वाजवलेली ब्राम्सची पहिली सिंफनी त्याने ऐकली, आणि त्या दर्जाचा वाद्यवृंद समोर बसून ऐकायची त्याची ती पहिलीच वेळ. घरातल्या रेकॉर्डींवर वाढलेल्या कानांना त्या दिवशी काय झालं असेल!

व्हिएन्नात तो डबल बास वाजवायला शिकला आणि संचालनासाठी हान्स स्वारोव्स्की यांचा शिष्य झाला. पण मामांना पटला तो वेगळाच किस्सा. मोठ्या संचालकांच्या तालमी बाहेरच्यांना बघता येत नसत. म्हणून झुबिन आणि त्याचा सहाध्यायी क्लाउदिओ अबादो, हाही पुढे जगप्रसिद्ध झाला, दोघे तिथल्या गायकवृंदात गाणारे म्हणून शिरले. गात गात ब्रूनो वाल्टर, कारायान यांचे हात जवळून बघायचे.

“म्हंजे आदी झील धरली,” मागून आवाज आला. मामांनी आरशातून त्यांच्याकडे असं पाहिलं की हा टोमणा नेमका कोणाला आहे ते मला कळलं.

1958 मध्ये लिव्हरपूलची संचालकांची स्पर्धा जिंकल्यावर गाडी सुसाट. माँट्रिअल, लॉस एंजेलिस, मग 1978 ते 1991 न्यूयॉर्क. तिथल्या वाद्यवृंदासाठी रविशंकरांनी लिहिलेली सतार कॉन्चेर्टो, म्हणजे सतार आणि वाद्यवृंद यांची रचना, ‘रागमाला’ 1981 मध्ये झुबिन यांच्याच संचालनात पहिल्यांदा वाजली. पण मला पदांपेक्षा त्यांनी निवडलेल्या जागा जास्त बोलक्या वाटतात. 1994 साली बोस्नियातल्या, युद्धाच्या वेढ्यात अडकलेल्या साराजेव्होत, जळून गेलेल्या राष्ट्रीय ग्रंथालयाच्या भग्न इमारतीत त्यांनी मोझार्टचं रेक्विएम, म्हणजे मृतांसाठीचं प्रार्थनासंगीत, सादर केलं. 2013 मध्ये श्रीनगरच्या शालिमार बागेत बव्हेरियाचा वाद्यवृंद घेऊन आले. त्या मैफलीवर काश्मिरात बराच विरोध झाला, आणि तो विरोध मला अगदीच अनाठायी वाटत नाही. निमंत्रितांसाठी कडेकोट बंदोबस्तात वाजवलेलं संगीत नेमकं कोणासाठी असतं, हा प्रश्न उरतोच. तरी माणूस आला, वाजवलं, हेही खरं.

मोझरीत गाडी फार लांब लावावी लागली. महासमाधीकडे जाणाऱ्या वाटेवर चिवड्याचे, खंजिऱ्यांचे, फोटोंचे ठेले. प्रत्येक गावाचं मंडळ आपापलं भजन धरून. चार मंडळं शेजारी शेजारी, चार वेगळ्या लयी, आणि कोणालाही त्याचा त्रास नाही. मामा त्यातल्याच एका घोळक्यात घुसले आणि कोणाची तरी खंजिरी मागून घेऊन बसले. डाव्या हाताची पकड किंचित घट्ट-सैल करत ते तिचा आवाज चढवतात-उतरवतात, ते पाहत मी बराच वेळ तिथेच उभी राहिले.

महाराज गेले 11 ऑक्टोबर 1968 ला, दुपारी 4 वाजून 58 मिनिटांनी. म्हणून पुण्यतिथीला त्याच मिनिटाला मौन. लाखभर माणसांचा गलका बघता बघता थांबला. इथे मला झुबिन आठवले असं लिहिणं सोपं आहे, पण खोटं होईल. मला माझे दुखणारे पाय आठवत होते आणि शेजारच्या आजीच्या कडेवरचं पोर आता रडेल की मग, याची धास्ती होती. ते रडलं नाही. मग सर्वधर्म प्रार्थना झाली, आणि गर्दी महाप्रसादाकडे वळली.

परतीला अंधार पडला होता. तिवसा मागे पडल्यावर मामांनी एकदम विचारलं, “याले पगार कोन देते?”

प्रश्न बिनतोड होता. मी सांगितलं की व्हिएन्ना फिलहार्मोनिकला 1933 पासून कायमचा संचालकच नाही. वादक आपसात ठरवतात आणि पाहिजे त्याला बोलावतात. नववर्षाच्या मैफलीला त्यांनी झुबिनना पाच वेळा बोलावलं, 1990 ला पहिल्यांदा आणि 2015 ला शेवटचं. इस्रायल फिलहार्मोनिकही वादकांच्या मालकीचाच. 1981 मध्ये त्यांनी झुबिनना तहहयात संचालक केलं, आणि 2019 मध्ये ते स्वतःहून बाजूला झाले.

“तहहयात?” मामा म्हणाले. “आन् वाजवनाऱ्यायनंच केलं?”

“हो.”

“आमच्या मंडळात तं दरसाली खंजिरी कोनं धरावं याच्यावर भांडन होते.”

“याहीसालचं बाकीच हाये,” मागचा म्हणाला. त्यावर तळेगाव येईपर्यंत गाडीत जे सुरू झालं, त्यात मोबाइल लावायची माझी हिंमत झाली नाही.